हाताचा खेळ, पायाचे दुखणे

"डॉक्टर, बास्केटबॉल हाताचा खेळ ना? मग पाय कसा मुरगळला?" रोह्याच्या एका बाईंनी विचारले. प्रश्न रास्त आहे. या खेळात चेंडूला मुद्दाम पाय लावणे नियमबाह्य. चुकून लागला तर चालतो. पण चेंडू धरून थांबलेल्या खेळाडूला एक पाऊल जागीच रोवून गिरकी घ्यावी लागते. त्यात उडी मारून दुसऱ्याच्या पावलावर उतरला, की घोट्याचे बाहेरचे लिगामेंट ताणलेच!

या मुलाचा पाय घरी दोन दिवस तेलाने रगडला होता. एक्स-रेत हाडाला चीर निघाली. तेव्हा चोळू नका. फडक्यात गुंडाळलेला बर्फ १५-२० मिनिटे लावा, क्रेप बँडेज बांधा, पाय उशीवर ठेवा. चार पावलेही टाकवत नसतील, तर एक्स-रे लगेच काढावा.