सोनाराच्या हातातली तलवार

ऐतिहासिक साहसपट म्हटला की नायक सरदार असावा, समुद्रावरचा चाचा असावा, निदान वेषांतर केलेला राजपुत्र तरी असावा, अशी आपली अपेक्षा असते. १९६३ साली इटलीत असा एक साहसपट निघाला, त्याचा नायक मात्र चक्क सोनार होता. चित्रपटाचं नाव 'इल मान्यिफिको आव्हेंतुरिएरो', आपल्या भाषेत 'थोर साहसवीर'. दिग्दर्शक होता रिकार्दो फ्रेदा, आणि हा सोनार म्हणजे फ्लॉरेन्सचा बेन्व्हेनुतो चेल्लिनी. ही भूमिका ब्रेट हॅल्सी या अमेरिकन नटानं केली.

त्या काळात इटलीतल्या स्टुडिओंमधून हर्क्युलिस, ग्लॅडिएटर, तलवारबहाद्दर अशांचे चित्रपट एकामागून एक बाहेर पडत होते. त्या गर्दीत एक कलावंत कसा शिरला, असं कुणालाही वाटेल. फ्रेदा स्वतः चित्रपटात येण्यापूर्वी शिल्पकार आणि कलासमीक्षक होता, हे एक कारण असू शकेल. पण मला वाटतं, खरं कारण चेल्लिनीच्या आयुष्यातच आहे. त्यात पटकथाकाराला फारशी भर घालावी लागत नाही.

जन्म १५०० सालचा. वडील वादक, मुलानं बासरी वाजवावी ही त्यांची हौस, तर मुलाला ओढ सोनारकामाची. रोमला जाऊन त्यानं पोपसाठी पदकं आणि नाण्यांचे छाप घडवले. १५२७ साली सम्राटाच्या फौजेनं रोम लुटलं, तेव्हा पोप सातवे क्लेमेंट सांत आंजेलोच्या किल्ल्यात अडकून पडले होते. चेल्लिनी तिथं तोफांवर उभा होता. शत्रूचा सेनापती बूर्बाँ आपल्याच गोळीनं पडला, असं तो सांगतो. भावाला मारणाऱ्या शिपायाला त्यानं खंजिरानं संपवलं. १५३४ साली पोंपेओ नावाच्या प्रतिस्पर्धी सोनाराचा भर रस्त्यात खून केला आणि नव्या पोपनं त्याला माफीही दिली. पुढे पोपच्या जडजवाहिराच्या चोरीचा आळ आला आणि तो त्याच किल्ल्यात कैदी झाला. चादरींच्या पट्ट्यांचा दोर करून खाली उतरला. पाय मोडला, पण निसटला. सांगा, साहसपटाला आणखी काय हवं?

आता यातली गोम पाहा. हे सगळं आपल्याला कळलं ते बहुतेक चेल्लिनीच्याच तोंडून. १५५८ पासून त्यानं आपलं आत्मचरित्र सांगायला सुरुवात केली. हातांनी काम चालू असे आणि चौदा वर्षांचा एक मुलगा लिहून घेत असे. ते पुस्तक छापलं गेलं थेट १७२८ साली. मग गटेनं त्याचा जर्मन अनुवाद केला, बर्लिओझनं १८३८ साली त्यावर ऑपेरा रचला, १९३४ साली हॉलिवूडनं चित्रपट काढला, नंतर फ्रेदाचा आला आणि १९९० साली जाकोमो बात्तियातोचा. म्हणजे चेल्लिनीवरचा चित्रपट पाहताना, चेल्लिनीनं स्वतःच रंगवलेलं स्वतःचं चित्र आपण पुन्हा पाहत असतो. तो आपला पहिला पटकथालेखक.

आणि पटकथालेखक काय गाळतो हेही पाहावं लागतं. १५५७ साली, समलिंगी संबंध हा तेव्हाच्या कायद्यानं गुन्हा असल्यामुळे, त्याला चार वर्षांची कैद झाली. पुढे ती घरातल्या नजरकैदेवर आली. आत्मचरित्राची सुरुवात याच नजरकैदेत झाली, पण पुस्तकात या खटल्याचा खुलासा नाही. उलट पॅरिसमध्ये कातेरीना नावाच्या मुलीला समोर बसवून तो शिल्पं करी आणि तिलाच बेदम मारी, हे मात्र तो बिनदिक्कत सांगतो. पडद्यावरच्या रुबाबदार नायकाला टाळ्या देताना ही मुलगी विसरली जाऊ नये, असं मला वाटतं.

मग चेल्लिनीचं खरं साहस कोणतं? माझ्या मते ते तलवारीचं नाही, भट्टीचं आहे. १५४५ साली फ्लॉरेन्सचा ड्यूक कोझिमो द मेदिची यानं त्याला पर्सियसचा पुतळा सांगितला. हातात मेदुसाचं कापलेलं मुंडकं धरलेला वीर, उंची तीन मीटरहून अधिक. पद्धत आपल्याकडच्या ओताऱ्यांनाही ठाऊक असलेली: आत मातीचा गाभा, त्यावर मेण, वरून पुन्हा माती, मेण वितळून गेलं की त्या पोकळीत ब्राँझ ओतायचं. इतकी मोठी आकृती एका दमात ओतता येईल यावर ड्यूकचा विश्वास नव्हता.

ऐन ओतणीच्या वेळी छपरानं पेट घेतला, बाहेरून वारा-पाऊस आत येऊ लागला, आणि चेल्लिनी तापानं फणफणून अंथरुणाला खिळला. तेवढ्यात निरोप आला, रस आळला, काम गेलं. तो उठला. वाळलेलं ओक लाकूड घालून भट्टी भडकावली. आगीच्या जोरानं रसातलं कथील जळून गेलं होतं. तांबं वितळायला १०८५ अंश सेल्सिअस लागतात; त्यात कथील मिसळलं की कमी उष्णतेत रस होतो आणि तो साच्याच्या कोनाकोपऱ्यात वाहतो. म्हणून त्यानं घरातली कथलाची ताटं-वाट्या आणवली, सुमारे दोनशे नग, आणि एकेक करून रसात टाकली. साचा भरला. फक्त उजव्या पायाच्या बोटांशी थोडं कमी पडलं.

ही हकीकतही त्याचीच, हे खरं. पण बूर्बाँवरची गोळी आज कुणी तपासू शकत नाही. पुतळा तपासता येतो. १५५४ साली तो फ्लॉरेन्सच्या चौकात उभा राहिला आणि आजही तिथंच, लोज्जा देई लान्झीमध्ये, आहे.

सोन्याच्या कामाचं नशीब वेगळं. रोमच्या वेढ्यात चेल्लिनीनं स्वतःच पोपच्या मुकुटांतले हिरे काढून सोनं आटवलं होतं. त्याच्या दागिन्यांचंही पुढे असंच झालं. त्याचीच म्हणून खात्रीनं सांगता येणारी सोन्याची एकच मोठी वस्तू उरली: फ्रान्सचा राजा पहिला फ्रान्स्वा याच्यासाठी १५४३ मध्ये पुरं केलेलं, जेमतेम २६ सेंटिमीटर उंचीचं मीठदान. २००३ मध्ये तेही व्हिएन्नाच्या संग्रहालयातून चोरीला गेलं. ते आटवलं गेलं असतं, तर धातूचे चार पैसे हाती आले असते आणि एक कला कायमची गेली असती. २००६ मध्ये ते ऑस्ट्रियातल्या जंगलात पुरलेल्या पेटीत सापडलं, म्हणून आपण वाचलो.

फ्रेदाचा चित्रपट कुठं पाहायला मिळाला, तर जरूर पाहा. करमणूक होईल. नंतर पर्सियसचं छायाचित्रही निरखून पाहा. त्याच्या छातीवरून गेलेल्या पट्ट्यावर चेल्लिनीनं आपलं नाव कोरून ठेवलं आहे.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)