फुटक्या कपाचा सोनेरी जोड

आमच्या घरात एक नियम होता. कपाचा कान गेला किंवा काठाला टवका उडाला की तो कप पुन्हा फळीवर ठेवायचा नाही. आबा तो परसात नेत, दगडावर आपटत आणि तुकडे खड्ड्यात पुरत. आई कुरकुरायची. पगार तुटपुंजा, घरात खाणारी तोंडे सात, आणि वापरता येण्याजोगा कप हे फोडून टाकतात! पण या एका बाबतीत आबा कोणाचे ऐकत नसत.

कारण आम्हाला मोठेपणी कळले. आबांचे बालपण निफाड तालुक्यातल्या एका खेड्यात गेले. गावच्या चहाच्या दुकानात आपल्या लोकांसाठी कान तुटलेले कप वेगळे असत, बाहेर वळचणीला खोचून ठेवलेले. आपला कप आपणच काढायचा, चहा वरून ओतला जायचा, पिऊन झाल्यावर आपणच विसळून परत खोचायचा. पैसे मात्र इतरांइतकेच! १४ ऑक्टोबर १९५६ ला बाबासाहेबांनी नागपुरात धम्मदीक्षा दिली, तेव्हा आबा नाशकात हमाली करीत होते. त्यानंतरच्या पहिल्याच मजुरीतून त्यांनी भद्रकालीच्या बाजारातून सहा कपबशा आणल्या. पांढऱ्या, निळ्या काठाच्या. "आता या घरात कोणी फुटक्या कपातून पिणार नाही," असे ते म्हणाले. आई हे वाक्य शेवटपर्यंत सांगायची.

त्या सहांमधला शेवटचा कप माझ्याकडे होता. दोन वर्षांपूर्वी घासताना तो हातातून निसटला. कान वेगळा झाला आणि काठाचे तीन तुकडे पडले. आबांच्या नियमाप्रमाणे तो पुरायला हवा होता, पण माझा हात धजेना. तुकडे जुन्या साडीच्या फडक्यात बांधून ठेवून दिले.

जपानमध्ये

माझा धाकटा मुलगा नोकरीनिमित्त तोक्योजवळ राहतो. गेल्या वर्षी त्याने मला तीन आठवड्यांसाठी बोलावून घेतले. निघताना म्हणाला, "आई, तो फुटका कप बरोबर घे." मला वाटले पोराची थट्टा चालली आहे. तरी फडके पिशवीत टाकले.

आपल्याला जपान तसा परका नाही. नागपूरचे भदन्त आर्य नागार्जुन सुरेई ससाई मूळचे जपानचेच. कामाकुरा येथील ब्राँझची प्रचंड बुद्धमूर्ती मुलाने दाखवली. तेराव्या शतकातली ती मूर्ती उघड्या आकाशाखाली शांत बसली आहे. तिच्यापुढे उभी राहून मी त्रिसरण म्हटले, तेव्हा शेजारच्या जपानी आजीबाईंनीही हात जोडले.

दुसऱ्या दिवशी मुलगा मला एका छोट्या वर्गात घेऊन गेला. तिथे फुटलेली भांडी जोडायला शिकवतात. या कलेला 'किंत्सुगी' म्हणतात. 'किन' म्हणजे सोने आणि 'त्सुगी' म्हणजे जोड. फुटलेला वाडगा जोडतात आणि जोडाची रेघ लपवण्याऐवजी तिच्यावर सोन्याची पूड लावतात.

खरी पद्धत फार सबुरीची आहे. 'उरुशी' नावाच्या झाडाच्या सालीला चिरा देऊन त्याचा चीक गोळा करतात. हे झाड आपल्या बिब्ब्याच्या आणि आंब्याच्याच कुळातले. बिब्बा जसा अंगावर उततो तसा हा ओला चीकही उततो, म्हणून कारागीर हातमोजे घालतात. चिकात गव्हाचे पीठ मळून खळ करतात, ती तुकड्यांच्या कडांना लावतात आणि तुकडे बसवून बांधून ठेवतात. गंमत म्हणजे हा चीक उन्हात वाळत नाही. त्याला दमट हवा लागते, म्हणून भांडे ओलसर पेटीत ठेवतात. पहिला जोड पक्का व्हायलाच आठवडा आणि त्याहून जास्त दिवस लागतात. मग चिकात बारीक मातीची पूड कालवून टवके भरायचे, घासून सारखे करायचे, त्यावर चिकाचे पातळ थर द्यायचे. शेवटचा थर ओलसर असतानाच सोन्याची पूड भुरभुरायची. एका भांड्याला महिना, दोन महिने, कधी तीनही लागतात.

माझ्याकडे इतके दिवस नव्हते. प्रवाशांसाठी दोन तासांचा वर्ग असतो. त्यात कृत्रिम डिंक आणि सोन्याऐवजी पितळेची पूड वापरतात. शिकवणाऱ्या बाईंनी ते आधीच स्पष्ट सांगितले आणि असे जोडलेले भांडे खाण्यापिण्याला वापरू नका, असेही बजावले. हे मला आवडले. नकली माल असली म्हणून माझ्या गळ्यात मारला नाही.

मी तुकडे मांडले. पहिल्यांदा कडा जुळवून पाहायच्या, कोणता आधी आणि कोणता नंतर ते ठरवायचे. क्रम चुकला तर शेवटचा तुकडा आत बसतच नाही. माझा तसाच चुकला! सगळे सोडवून, कडा पुसून पुन्हा आरंभ केला. कान बसवताना तर घाम फुटला. तो हाताने धरून किती तरी वेळ गप्प बसावे लागते. त्या वेळात मला सारखे आबा दिसत होते.

बाईंनी एक गोष्ट सांगितली. पंधराव्या शतकात आशिकागा योशिमासा नावाचा सत्ताधीश होता. त्याचा आवडता चिनी वाडगा तडकला. तसाच दुसरा मिळावा म्हणून त्याने तो चीनला पाठवला. तसा वाडगा आता होत नाही, असे सांगून तिकडच्यांनी त्यालाच धातूचे चिमटे ठोकून परत पाठवले. तो वाडगा आजही तोक्योच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. याच प्रसंगातून किंत्सुगी निघाली, असेही काही जण सांगतात.

गोष्ट ऐकली आणि मनात एक काटा बोचला. राजाला फुटका वाडगा जपण्याची हौस परवडते. ज्याच्या हाती चांगलेच असते तो फुटक्याचे कौतुक करू शकतो. ज्याला पिढ्यान्‌पिढ्या फुटकेच दिले गेले त्याने काय करावे? सोनेरी रेघ ओढून आबांचा अपमान मी सजवीत तर नाही ना?

तथागतांचा नियम

परत आल्यावर हा प्रश्न मी आमच्या विहारातल्या भंतेजींना विचारला. ते हसले आणि त्यांनी विनयपिटकातला एक नियम सांगितला. भिक्षूच्या पात्राला पाचांपेक्षा कमी जोड असतील तर त्याने नवे पात्र मागू नये. पातिमोक्खात हा नियम आजही आहे. दोन बोटे लांबीची चीर पडली की तिथे एक जोड धरायचा.

या नियमामागची हकिकत आपण कष्टकऱ्यांनी मुद्दाम ऐकावी अशी आहे. तथागत कपिलवस्तूला निग्रोधारामात असताना एका कुंभाराने भिक्षूंना सांगितले, "ज्यांना पात्र हवे त्यांना मी देईन." काही भिक्षूंना प्रमाण कळले नाही. लहान पात्र असलेला मोठे मागू लागला, मोठे असलेला लहान मागू लागला. कुंभार त्यांचीच पात्रे करीत राहिला. विकायला माल उरेना, त्याचे स्वतःचे पोट चालेना आणि बायकामुलांचे हाल होऊ लागले. लोकांनी नावे ठेवली. तेव्हा भगवंतांनी पात्र मागण्यालाच बंदी केली. पुढे एका भिक्षूचे पात्र फुटले आणि तो ओंजळीत अन्न घेऊन खाऊ लागला. म्हणून फुटल्यास किंवा हरवल्यास मागण्याची मुभा मिळाली. त्यावर काहींनी जरासा टवका उडाला तरी नव्या पात्रांची मागणी सुरू केली. शेवटी पाच जोडांचा नियम झाला.

पाहा बंधू-भगिनींनो, जोड लावा असे सांगितले ते कुंभाराच्या घरची चूल विझू नये म्हणून. घेणाऱ्याने संयम ठेवावा, करणाऱ्याच्या श्रमाची किंमत ओळखावी, हा त्याचा अर्थ. दुसऱ्याला फुटके द्या, असे त्यात कुठेही नाही. भंतेजींचे चीवरही तसेच. मगधातल्या शेतांचे बांध दाखवून तथागतांनी आनंदाला तसे चीवर करायला सांगितले. तुकडे कापून, पुन्हा शिवून ते होते. आपल्या आया-आज्या जुन्या लुगड्यांची वाकळ शिवत, तिला लाज कसली?

हे सगळे आपल्या नाशिकलाही नवे नाही. त्रिरश्मी लेण्यांत, दहाव्या लेण्यात उषवदाताचा शिलालेख आहे. गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणींकडे त्याने ३००० कार्षापण कायम ठेव म्हणून ठेवले. त्यातल्या २००० च्या व्याजातून वीस भिक्षूंना दरवर्षी चीवरासाठी पैसे मिळत. आभीर राजा ईश्वरसेनाच्या काळात विष्णुदत्ता नावाच्या उपासिकेने आजारी भिक्षूंच्या औषधासाठी अशाच ठेवी ठेवल्या. त्या ज्या श्रेणींकडे ठेवल्या त्यांत तेलाचे घाणे चालवणारे आहेत आणि 'कुलरिक'ही आहेत. कुलरिक म्हणजे कुंभार, असा अर्थ अभ्यासक लावतात. म्हणजे याच भूमीत एके काळी संघाची ठेव कुंभाराच्या हाती विश्वासाने दिली जात होती. आणि याच नाशकात २ मार्च १९३० ला काळाराम मंदिराच्या दारात आपल्या माणसांना सत्याग्रह करावा लागला! मधल्या काळात काय तडकले, ते यावरून समजावे.

कप आज कुठे आहे

कप मी शोकेसमध्ये ठेवला आहे. त्यातून कोणी चहा पीत नाही. डिंकाचा जोड गरम चहाला भरवशाचा नाही, आणि आबांचा नियमही मोडायचा नाही. आपणही बाजारातला डिंक लावून कप, ताटली जोडलीत तर ती शोभेसाठीच ठेवा. लहान मुलांना त्यात खायला देऊ नका. कडा कोरड्या आणि स्वच्छ करून, आधी तुकड्यांचा क्रम ठरवून मगच डिंक लावा.

पाहुण्याला आमच्याकडे अखंड कपातच चहा मिळतो, मग तो कोणी का असेना. कचरा न्यायला येणाऱ्या बाईलाही त्याच कपात. आपल्यातल्याही काही घरांत आता मोलकरणीचा कप वेगळा ठेवलेला मी पाहिला आहे. तो आजच काढून टाका, एवढी हात जोडून विनंती.

परवा नातीने विचारले, "आजी, या कपावर सोन्याची रेघ का?" मी तिला जवळ बसवले आणि वळचणीच्या कपापासून सगळे सांगितले. आबांनी तुकडे पुरले, कारण त्यांना ते दिवस विसरायचे होते. आम्हाला ते विसरून चालणार नाही. नात ऐकून गप्प झाली. मग म्हणाली, "आजी, मी शाळेत सांगू?"

सांग, म्हटले. जरूर सांग.