ओट्याला ‘कोरियन’ बसवताय? आधी गरम तव्याचा विचार करा

लातूर/नांदेड : घर बांधताना ओट्याला कडप्पा की ग्रॅनाइट, एवढाच प्रश्न असायचा. आता दुकानदार तिसरं नाव सांगतो, ‘कोरियन’. कोरिया देशाशी याचा काही संबंध नाही. अमेरिकेच्या ड्यूपॉन्ट कंपनीने १९६७ मध्ये हा माल शोधून काढला आणि पुढे या नावाने विकायला सुरुवात केली. आज कुठल्याही कंपनीच्या अशा शीटला लोक तेच नाव देतात.

हा दगड नव्हे. साधारण एक भाग अ‍ॅक्रेलिक आणि दोन भाग बॉक्साइटपासून काढलेली पांढरी भुकटी, असं हे मिश्रण. त्याला छिद्रं नसल्यामुळे तेल-पाणी आत मुरत नाही. जोड घासून दिसेनासा करता येतो, बारीक ओरखडाही सँडपेपरने निघतो. लिंबू-चिंच सांडून राहिली तर कडप्प्याची चकाकी जाते, कारण तो चुनखडीचा दगड. याला तसं होत नाही.

पण खरी गोम उष्णतेची. भाकरीचा तवा गॅसवरून उतरवून थेट ओट्यावर टेकवायची आपल्याकडं सवय. ग्रॅनाइट ते सहसा सोसतो, अ‍ॅक्रेलिकवर मात्र डाग उमटतो, कधी तडाही जातो. म्हणून शेगडीजवळ ग्रॅनाइट आणि बाथरूमच्या बेसिनला अ‍ॅक्रेलिक, हे जास्त बरं. तिथं गडद रंग टाळा, बोअरच्या जड पाण्याचे पांढरे डाग त्यावर लगेच दिसतात.

स्वस्त शीटमध्ये पॉलिस्टर मिसळलेलं असतं, ती उन्हानं लवकर पिवळी पडते. बिलावर ‘शंभर टक्के अ‍ॅक्रेलिक’ असं लिहून घ्या.