विश्लेषण : पाळीत लघवीचा त्रास, कागदावर मात्र ‘यूटीआय’! मूत्राशयातील एंडोमेट्रिओसिसचा कोड का महत्त्वाचा?

पाळीचे दिवस आले की लघवीला जळजळ, सारखे जावे लागणे, पिशवी भरली की ओटीपोटात कळ. पाळी संपली की सगळे शांत. काही जणींना त्या दिवसांत लघवीतून रक्तही जाते. दवाखान्यात प्रतिजैविकांचा कोर्स मिळतो, केसपेपरवर ‘यूटीआय’ लिहिले जाते आणि पुढच्या महिन्यात पुन्हा तेच. लघवीच्या कल्चरमध्ये मात्र जंतू सापडत नाहीत.

अशा वेळी शंका घ्यावी असा एक आजार म्हणजे मूत्राशयातील एंडोमेट्रिओसिस. शिरूर, दौंडमधील अनेक कुटुंबांकडे आता आरोग्य विमा आहे. काहींचा रांजणगाव किंवा कुरकुंभच्या कंपनीमार्फत, काहींचा स्वतः घेतलेला. त्यामुळे हा आजार कागदावर कोणत्या नावाने आणि कोणत्या कोडने उतरतो, हा प्रश्न आता थेट पैशांशी जोडला गेला आहे.

आजार नेमका काय?

गर्भाशयाच्या आतल्या अस्तरासारखी पेशींची वाढ गर्भाशयाबाहेर होते, तिला एंडोमेट्रिओसिस म्हणतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगभरातील प्रजननक्षम वयाच्या सुमारे १० टक्के महिलांना, म्हणजे जवळपास १९ कोटी जणींना हा आजार आहे. निदानाला ४ ते १२ वर्षे लागतात, असेही संघटना सांगते. मूत्रमार्गात तो फार कमी जणींना होतो. पण तिथे झाला तर सर्वाधिक वेळा मूत्राशयातच. भारतीय महिलांमधील एंडोमेट्रिओसिसवर मुंबईत परळ येथील ‘आयसीएमआर’च्या प्रजनन आरोग्य संशोधन संस्थेच्या पुढाकाराने अभ्यास सुरू आहे.

साध्या सोनोग्राफीत मूत्राशयातील गाठ दिसली तरी ती ट्यूमरसारखी भासू शकते. खात्रीसाठी योनीमार्गे सोनोग्राफी, एमआरआय, दुर्बिणीतून तपासणी आणि गरजेप्रमाणे बायोप्सी लागते. शिरूर-दौंडच्या रुग्णाला यातल्या काही तपासण्यांसाठी पुणे गाठावे लागते. मग फाइल दोन-तीन दवाखान्यांत फिरते आणि प्रत्येक ठिकाणी निदानाचे शब्द बदलतात. गोंधळाची सुरुवात इथेच होते.

कोड कोणता?

आपल्याकडे दाव्याच्या कागदांवर आजार ‘आयसीडी-१०’ या जागतिक वर्गीकरणानुसार लिहिला जातो. त्यात एंडोमेट्रिओसिसचा गट एन८०. अंडाशयासाठी एन८०.१, आतड्यासाठी एन८०.५, अगदी शस्त्रक्रियेच्या जुन्या व्रणातील गाठीसाठीही स्वतंत्र एन८०.६ आहे. मूत्राशयाला मात्र या यादीत स्वतःची जागा नाही. तो जातो ‘इतर’मध्ये, म्हणजे एन८०.८. जागा लिहिलीच नसेल तर एन८०.९.

अमेरिकेने स्वतःच्या आवृत्तीत १ ऑक्टोबर २०२२ पासून हा दोष दुरुस्त केला. तिथे मूत्राशय आणि मूत्रवाहिन्यांसाठी एन८०.ए हा उपगट आहे. आजार वरवरचा असेल तर एन८०.ए१, खोलवर गेलेला असेल तर एन८०.ए२, खोली नोंदवली नसेल तर एन८०.ए०. लहान रुग्णालयात वेगळा कोडर क्वचितच असतो. बिलिंगवरचा कर्मचारीच मोबाइलवर शोधून कोड टाकतो आणि त्याच्या हाती बऱ्याचदा ही अमेरिकी यादी लागते. गंमत अशी, की आपल्या विमा नियामकाच्या दावा अर्जातही शस्त्रक्रियेसाठी जो ‘आयसीडी-१० पीसीएस’ कोड मागितला जातो, ती पद्धतही मूळची अमेरिकीच. त्यामुळे कोडच्या जोडीला ‘मूत्राशयातील एंडोमेट्रिओसिस’ हे शब्द पूर्ण लिहिलेले असणे जास्त महत्त्वाचे.

दाव्यात अडचण कुठे येते?

विमा कंपनी केवळ कोड पाहून दावा नाकारते असे नाही. डिस्चार्ज कार्ड, अहवाल, जुने केसपेपर सगळेच तपासले जाते. पण चुकीच्या कोडमुळे फाइल चुकीच्या कलमात जाऊन पडते.

समजा, दौंडमधील एका महिलेला मूल होत नाही म्हणून तपासण्या सुरू होत्या, त्यातच हा आजार सापडला आणि शस्त्रक्रिया झाली. डिस्चार्ज कार्डवर पहिले निदान ‘वंध्यत्व’ (एन९७) लिहिले गेले, तर वंध्यत्वावरील उपचार वगळणारे कलम, ‘एक्सक्लुजन १७’, पुढे येऊ शकते. वास्तविक शस्त्रक्रिया झाली ती मूत्राशयातील गाठीसाठी. मुख्य निदान आणि सोबतचे निदान यांचा क्रम म्हणूनच नीट पाहावा लागतो. बायोप्सी येण्याआधीच ‘मूत्राशयाचा कर्करोग’ (सी६७) टाकला तर घरच्यांची झोप उडते, ती वेगळीच. आणि सगळे ‘यूटीआय’ (एन३९.०) म्हणून गेले, तर एवढी मोठी शस्त्रक्रिया कशासाठी, असा प्रश्न टीपीए विचारणारच.

दुसरी अडचण प्रतीक्षा कालावधीची. अनेक वैयक्तिक पॉलिसींमध्ये एंडोमेट्रिओसिस ठरावीक आजारांच्या यादीत असतो आणि तो काळ संपेपर्यंत दावा मिळत नाही. २०२४ च्या नियमांनुसार हा कालावधी ३ वर्षांपेक्षा जास्त ठेवता येत नाही. कंपनीच्या समूह विम्यात ही अट बऱ्याचदा माफ असते. एचआरकडून खात्री करून घ्यावी. नुसत्या तपासणीसाठी भरती झाल्यास तोही खर्च सहसा मिळत नाही.

डिस्चार्जपूर्वी काय पाहाल?

कार्डवर आजाराची जागा, तो किती खोल आहे आणि मूत्रवाहिनी बाधित आहे का, हे तिन्ही डॉक्टरांकडून लिहून घ्या. मूत्रवाहिनीचा उल्लेख केवळ विम्यासाठी नाही. ती आवळली गेली तर फारसे न दुखता मूत्रपिंड सुजत जाते, आणि पुढचा डॉक्टर ते शोधेल ते याच कागदावरून. बायोप्सीचा अहवाल नंतर आला तर डॉक्टरांच्या सही-शिक्क्यासह सुधारित निदान मागा. एन८०.८ का टाकला, असे टीपीएने विचारल्यास मूत्राशयासाठी त्या यादीत वेगळा कोड नाही, हेच उत्तर.

दावा नाकारला तर आधी विमा कंपनीच्या तक्रार विभागाकडे लेखी अर्ज करावा. महिनाभरात उत्तर आले नाही किंवा पटले नाही, तर विमा लोकपालांकडे विनाशुल्क तक्रार करता येते. त्यांचे एक कार्यालय पुण्यातच आहे.