वाटेंत अडविलेला माल आणि न्यायासन

नाणेघाटाच्या माथ्यावर, जुन्नरच्या अंगास, एक मोठा दगडी रांजण आहे. जुन्या काळीं व्यापारी त्यांत जकातीचीं नाणीं टाकीत, असें लोक सांगतात. कथा खरी असो वा नसो, वाटेंत माल थांबवून कर मागण्याची रीत या मुलुखास नवी नाहीं. महाराष्ट्रांतील शेवटचीं जकातनाकीं 2017 सालीं मुंबईंत बंद झालीं. तथापि त्याच वर्षाच्या वस्तु व सेवा कर कायद्यानें रस्त्यावर गाडी तपासण्याचा अधिकार कर-अंमलदारांस दिला.

पुणें-नाशिक आणि कल्याण-अहिल्यानगर हे दोन रस्ते आळेफाट्यास मिळतात. नारायणगांवचा टोमॅटो व मंचरचा कांदा याच बाजूनें बाहेर पडतो. ताज्या भाजीपाल्यावर हा कर नाहीं, म्हणून त्यास ई-वे बिलहि लागत नाहीं. परंतु टोमॅटो भरावयाचे नवे प्लास्टिकचे क्रेट करपात्र आहेत. समजा, 3 लाख रुपयांचे क्रेट परराज्यांत निघाले व बिलाची मुदत वाटेंत सरली. कायद्याच्या 129 व्या कलमान्वयें माल आणि गाडी दोन्ही अडवितां येतात. 18 टक्क्यांनीं कर होतो 54,000 रुपये. मालक पुढें आल्यास दंड त्याच्या दुप्पट, म्हणजे 1,08,000. तो भरावा किंवा तितक्या रकमेचें तारण द्यावें, तेव्हां माल सुटतो. दंड न भरल्यास आदेशानंतर 15 दिवसांनीं मालाची विक्री होऊं शकते. नाशवंत मालास तर त्याहूनहि कमी अवधि मिळतो.

अंमलदारालाहि कायद्यानें बांधून घेतलें आहे. माल अडविल्यापासून 7 दिवसांत नोटीस, आणि नोटीस बजावल्यापासून 7 दिवसांत आदेश. मालकाचें म्हणणें ऐकल्याखेरीज दंड नाहीं. हें झालें किंवा नाहीं, हें पाहण्याचें काम न्यायासनाचें.

एके काळीं तें दार बंद होतें. 1781 च्या ब्रिटिश कायद्यानें कलकत्त्याच्या सुप्रीम कोर्टास महसुली बाबींत हात घालण्याची मनाई झाली. 1935 च्या कायद्याच्या 226 व्या कलमांत, हायकोर्टांच्या मूळ अधिकारापुरती, ती कायम राहिली. योगायोग असा कीं, 1950 सालीं अंमलांत आलेल्या राज्यघटनेंत नागरिकास हायकोर्टाकडून रिट मिळविण्याची वाट जिनें दिली, त्या अनुच्छेदाचाहि आंकडा 226 च आहे!

मात्र रिट म्हणजे कराचा हिशेब पुनः मांडणें नव्हे. अधिकार होता काय, कारणें दिलीं काय, सुनावणी झाली काय, एवढेंच न्यायाधीश मुख्यतः पाहतात. वाद केवळ वस्तुस्थितीचा असेल तर ते बहुधा अर्जदारास अपिलाकडे धाडतात. त्याकरितां 3 महिन्यांची मुदत असून दंडाचा दहावा हिस्सा आधीं भरावा लागतो.

रिट कोठें फळास येतें याचें बोलकें उदाहरण तेलंगणांतलें आहे. जानेवारी 2020 मध्यें हैदराबादेस कागदाची एक गाडी मोर्चामुळें अडकून पडली व बिलाची मुदत संपली. अंमलदारानें माल पकडून एका नातेवाइकाच्या घरीं ठेवला आणि व्यापाऱ्यानें 69,000 रुपये भरल्यावर तो सोडला. केवळ मुदत सरली म्हणून कर चुकविण्याचा हेतु गृहीत धरतां येत नाहीं, असें हायकोर्टानें जून 2021 मध्यें ठरविलें, आणि रक्कम व्याजासह परत करून 10,000 रुपये खर्च देण्यास फर्माविलें. सरकार सुप्रीम कोर्टांत गेलें. तेथें 12 जानेवारी 2022 रोजीं अर्ज फेटाळला गेला, आणखी 59,000 रुपये खर्च बसला, व तो जबाबदार व्यक्तींकडून वसूल करण्याची सरकारला मुभा राहिली.

न्याय मिळाला खरा, पण दोन वर्षांनीं. कागद टिकतो, लहान व्यापाऱ्याचें भांडवल तितके दिवस अडकून राहिलें तर धंदाच बसतो. म्हणून रस्त्यावरील उपाय आधीं ठाऊक हवा. मुदत सरण्यापूर्वी 8 तास आणि सरल्यावर 8 तास, या अवधींत कारण नोंदवून ई-वे बिलाची मुदत वाढवितां येते. नांवांतील अक्षराची किंवा गाडीच्या क्रमांकांतील एखाद्या आंकड्याची चूक असल्यास, 14 सप्टेंबर 1018 नव्हे, 2018 च्या केंद्रीय परिपत्रकाप्रमाणें, 129 वें कलम न लावतां एकूण 1,000 रुपये दंडावर गाडी सोडावयाची असते. त्या परिपत्रकाची एक प्रत चालकाजवळ बिलाबरोबरच असावी.