वावळाला खत कोणते?

युरोप आणि उत्तर अमेरिकेत एल्म या नावाने ओळखल्या जाणाऱ्या वृक्षांचे जे कुळ, त्याच उल्मेसी कुळातला वावळ हा दख्खनच्या कोरड्या हवेत तग धरणारा वृक्ष आहे. विल्यम रॉक्सबर्ग यांनी त्याचे वर्णन करताना त्याला थेट एल्मच्याच प्रजातीत बसवले होते. पुढे १८४८ मध्ये फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ प्लांशाँ यांनी त्याच्यासाठी होलोप्टेलिया ही वेगळी प्रजाती मांडली. हिवाळ्याच्या अखेरीस तो निष्पर्ण होतो, उघड्या फांद्यांवर बारीक हिरवट-तपकिरी फुले येतात आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी कागदासारख्या पातळ पंखाची चपटी, गोल फळे झुपक्यांनी लटकू लागतात. ही फळे वाऱ्यावर दूर जातात आणि त्यांतल्या बियांची उगवणक्षमता फार काळ टिकत नाही, त्यामुळे रोपे करायची असल्यास बी साठवून न ठेवता लवकर पेरणे इष्ट ठरते.

या झाडाला कोणते खत द्यावे, हा प्रश्न विचारणाऱ्याने आधी आपल्या पायाखालची माती पाहिली पाहिजे. सोलापूर जिल्ह्यापुरते बोलायचे, तर तो पर्जन्यछायेच्या पट्ट्यात येतो; येथे वर्षाला सरासरी साधारण साडेपाचशे मिलिमीटर पाऊस पडतो आणि त्याचा मोठा वाटा सप्टेंबरच्या आसपास येतो. येथील काळी माती ओली झाली की फुगते आणि वाळली की तिला खोल भेगा पडतात, ज्यांत कोवळी मुळे तुटतात आणि उरलासुरला ओलावा उडून जातो. या मातीत चुनखडीचे प्रमाण अधिक असते, म्हणून तिचा सामू, म्हणजे आम्ल-विम्लतेचे मोजमाप, बहुधा आठच्या वर जातो. पालाश तिच्यात सामान्यतः भरपूर असते, परंतु नत्र आणि सेंद्रिय कर्ब कमी असतात, आणि स्फुरद असले तरी ते कॅल्शियमशी जखडले गेल्यामुळे मुळांच्या फारसे हाती लागत नाही.

कृषी सेवा केंद्रातल्या पिशवीवर छापलेले आकडे या पार्श्वभूमीवर वाचले पाहिजेत. १९:१९:१९ याचा अर्थ त्या खतात नत्र, स्फुरद आणि पालाश प्रत्येकी १९ टक्के आहेत. परंतु ज्या मातीत पालाश आधीच मुबलक आहे, तेथे तिन्ही अन्नद्रव्यांचा सारखा वाटा असलेले खत घेणे म्हणजे एक तृतीयांश पैसे अनावश्यक द्रव्यावर घालणे होय. युरियात ४६ टक्के नत्र असते, पण विम्ल जमिनीच्या पृष्ठभागावर तो नुसता फेकला, तर त्यातले बरेचसे नत्र अमोनिया वायूच्या रूपाने हवेत निघून जाते, आणि जे उरते त्याने रोपाला कोवळी, पाणीखाऊ पालवी फुटते, जी पुढच्या वैशाखात टिकत नाही.

या भागात सर्वाधिक फसगत होते ती पिवळ्या पानांच्या बाबतीत. शेंड्याकडची नवी पाने पिवळी पडून त्यांच्या शिरा मात्र हिरव्याच राहिल्या, तर ते बहुधा लोहाच्या कमतरतेचे लक्षण असते. लोह जमिनीत असूनही चुनखडीमुळे ते मुळांना शोषता येत नाही. अशा रोपाला युरिया घालून उपयोग होत नाही. एका लिटर पाण्यात पाच ग्रॅम फेरस सल्फेट विरघळवून सकाळी किंवा संध्याकाळी पानांवर फवारल्यास तात्पुरता फरक दिसतो; जमिनीतून द्यायचे झाल्यास ते शेणखतात मुरवून द्यावे किंवा चुनखडीच्या जमिनीतही टिकणारे ईडीडीएचए प्रकारचे चिलेट, म्हणजे सेंद्रिय रेणूच्या पकडीत सुरक्षित ठेवलेले लोह, वापरावे. जुनी, खालची पाने सारखीच फिकट होत असतील, तर मात्र नत्राची कमतरता असण्याची शक्यता अधिक असते. हा फरक माती परीक्षणाने पक्का होतो, आणि ते परीक्षण न करता पिशवी विकत आणणे हा अंदाजाने औषध घेण्यासारखा प्रकार आहे.

सोलापूर येथे १९३३ मध्ये कोरडवाहू शेतीचे संशोधन केंद्र सुरू झाले, आणि त्या काळात आकाराला आलेल्या मुंबई कोरडवाहू पद्धतीचा भर बांधबंदिस्ती, नांगरट, आंतरमशागत आणि शेणखत यांवर होता. ती पद्धत पिकांसाठी होती, तरी पाणी जागेवर जिरवणे आणि मातीत सेंद्रिय पदार्थ वाढवणे हा तिचा गाभा झाडालाही तंतोतंत लागू पडतो. म्हणून वावळाचे रोप लावताना दोन फूट लांब, रुंद व खोल खड्डा उन्हाळ्यातच काढून तापू द्यावा, आणि पावसाच्या सुरुवातीला तो त्याच मातीत दोन घमेली चांगले कुजलेले शेणखत, शंभर ते दीडशे ग्रॅम सिंगल सुपर फॉस्फेट आणि थोडी निंबोळी पेंड मिसळून भरावा. स्फुरद मातीत फारसे हलत नसल्याने ते मुळांच्या जवळच असावे लागते. कच्चे शेण मात्र टाळलेच पाहिजे, कारण त्याने हुमणी आणि वाळवी यांना आमंत्रण मिळते. उसाचे पाचट किंवा तुरीचा भुसा यांचे चार इंच जाड आच्छादन बुंध्यापासून वीतभर दूर ठेवून पसरले, तर भेगा कमी पडतात आणि पुढे तेच कुजून खत होते. पावसाळ्यात आळ्यात पाणी तुंबू देऊ नये. चिकण मातीत साचलेले पाणी मुळांची हवा बंद करते.

मोठ्या झालेल्या वावळाला रासायनिक खताची सहसा गरजच नसते. त्याची अन्न घेणारी बारीक मुळे मातीच्या वरच्या थरात, फांद्यांच्या घेराखाली आणि त्याही पलीकडे पसरलेली असतात, त्यामुळे बुंध्याशी ओतलेले खत वाया जाते. आणि रस्त्याच्या कडेच्या झाडांना खरा त्रास असतो तो बुंध्यापर्यंत ओतलेल्या काँक्रीटचा. राष्ट्रीय हरित लवादाने २०१३ मध्ये दिल्लीतील झाडांच्या बुंध्याभोवतीचे एक मीटरपर्यंतचे काँक्रीट काढण्याचा आदेश दिला होता. सोलापुरातही तेवढी मोकळी माती मिळाली, तरी अशा झाडांना कोणत्याही पिशवीपेक्षा अधिक लाभ होईल.

जागेची निवड हाही निगेचाच भाग आहे. वावळाचे परागकण वाऱ्याने पसरतात आणि ते श्वसनाची ॲलर्जी निर्माण करतात, म्हणून शाळा आणि दवाखान्यांच्या खिडक्यांलगत त्याची रांग लावू नये. नान्नजच्या माळढोक अभयारण्यासारख्या गवताळ माळांवर तर वृक्षलागवडच करू नये, कारण उघड्या गवतात वावरणाऱ्या माळढोक पक्ष्याला झाडांची दाटी अडचणीची ठरते. बांध, ओढ्याकाठ, गावठाणाची कडा आणि रस्त्याच्या मोकळ्या बाजू या वावळासाठी योग्य जागा आहेत.