हप्ता बसतो, पण मुद्दल फिटतं का?

नगरच्या सावेडीत किंवा केडगावात फ्लॅट बघायला गेलेल्या कुटुंबाचे प्रश्न ठरलेले असतात. पाणी किती दिवसाआड येतं, गाडी कुठे लावायची, आणि शेवटी, ‘हप्ता किती बसेल?’ बिल्डरच्या ऑफिसातला मुलगा मोबाइलवर आकडा काढतो, नवरा-बायको एकमेकांकडे बघतात, आकडा पगारात बसत असला की बोलणी पुढे सरकतात. घराची किंमत कळते, हप्ता कळतो. कर्जाची किंमत मात्र कुणी विचारत नाही आणि कुणी आपणहून सांगतही नाही. नगरमध्येच नव्हे (कागदोपत्री २०२४ पासून अहिल्यानगर, बोलण्यात अजून नगरच), सगळीकडे हेच चालतं.

हिशेबासाठी एकच उदाहरण धरू. २५ लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के व्याज, २० वर्षं मुदत. हप्ता २१,६९६ रुपये. असे २४० हप्ते म्हणजे ५२ लाख ७ हजार. त्यात व्याज २७ लाख ७ हजार.

‘निम्मी वर्षं भरली, म्हणजे निम्मं कर्ज फिटलं’

पहिल्या महिन्याच्या हप्त्यातले १७,७०८ रुपये व्याजात जातात. मुद्दल कमी होतं ३,९८८ रुपयांनी. वर्षभरात २ लाख ६० हजार भरून मुद्दल जेमतेम ५० हजारांनी उतरतं. पाच वर्षांनी बदली झाली म्हणून फ्लॅट विकायला काढला, तर तोवर १३ लाख भरलेले असतात आणि कर्ज असतं २२ लाख. घरात यावरून हमखास भांडण होतं, बँकेने फसवलं असं वाटतं. फसवणूक नसते. व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला सगळंच मुद्दल शिल्लक असतं. दहा वर्षांनी साडेसात लाख फिटलेले असतात, साडेसतरा बाकी. निम्मं मुद्दल फिटायला चौदावं वर्ष संपत येतं.

म्हणूनच आगाऊ रक्कम कधी भरली, याला फार महत्त्व आहे. पहिलं वर्ष संपताना एक लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे एकवीस-बावीस हप्ते उडतात आणि साधारण ३ लाख ६५ हजारांचं व्याज वाचतं. तेच लाख रुपये पंधरावं वर्ष संपताना भरले, तर वाचतात सुमारे ५० हजार. दरवर्षी एक हप्ता जादा, म्हणजे बोनसमधून किंवा उसाच्या बिलातून, भरत राहिलं तर कर्ज तीन वर्षं चार महिने आधी संपतं आणि पाच लाखांहून अधिक व्याज वाचतं.

इथे आणखी एक जुना गैरसमज आडवा येतो: ‘आगाऊ भरलं तर बँक दंड लावते.’ बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर बँकांना असा दंड लावायला रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच मनाई केली. स्थिर दराच्या कर्जावर मात्र आकार लागू शकतो, म्हणून करारातलं ते कलम वाचून घ्यावं.

‘मुदत वाढवली की ओझं हलकं होतं’

हप्ता हलका होतो. तेच २५ लाख तीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता १९,२२३ रुपये, म्हणजे महिन्याला २,४७३ रुपयांची सवलत. त्या सवलतीचं बिल १७ लाख १३ हजार. उलट मुदत पंधरा वर्षं केली तर महिन्याला २,९२२ रुपये जास्त भरावे लागतात आणि पावणेआठ लाख वाचतात.

तरीही सगळ्यांनी पंधरा वर्षांचाच हट्ट धरावा, असं मी म्हणणार नाही. एमआयडीसीत कंत्राटी कामाला असलेल्याने किंवा दुकानदाराने मोठा हप्ता ओढवून घेतला आणि दोन महिने धंदा बसला, तर थकबाकी सुरू होते. त्याने मुदत लांब घ्यावी, पण हातात पैसा आला की कर्जात टाकावा.

‘दर वाढला तरी माझा हप्ता तोच आहे, म्हणजे मला फरक पडत नाही’

सगळ्यात महागात पडणारा गैरसमज हाच, आणि तो चांगल्या शिकलेल्या माणसांत आढळतो.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो दर ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहा झाला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जं बाह्य मानकाशी, बहुतेक ठिकाणी रेपोशी, जोडलेली असल्यामुळे ही अडीच टक्क्यांची वाढ थेट कर्जदारांपर्यंत पोचली. आता हिशेब बघा. सात टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतलेल्या २५ लाखांचा हप्ता १९,३८२ रुपये. वर्षभर भरल्यावर बाकी राहिली २४ लाख ४० हजार. सोपं जावं म्हणून दर एकदम साडेनऊ झाला असं धरू. त्या बाकीवर महिन्याचं व्याज होतं १९,३२१ रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात ६१ रुपये. कर्ज फिटायला लागतील साठ वर्षं.

खात्यातून दर महिन्याला तेवढीच रक्कम कापली जाते, म्हणून माणूस निर्धास्त राहतो आणि मुदत गुपचूप पुढे सरकते. निवृत्तीनंतरही हप्ते चालू राहणार, हे कित्येकांना असंच उशिरा कळलं. त्यामुळे ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना बजावलं: दर बदलताना कर्जदाराला कळवा, हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे त्याला निवडू द्या, आणि हप्त्यातून व्याजही भागत नाही अशी वेळ येऊ देऊ नका. हक्क मिळाला, पण तो वापरायला शाखेत जाऊन कर्जखात्याचं स्टेटमेंट मागावं लागतं. ‘उरलेले महिने’ हा आकडा दर वर्षी बघावा.

२०२५ मध्ये दर उतरले. वर्षअखेर रेपो सव्वापाचवर आला. जुनं कर्ज बँकेच्या स्वतःच्या मानकावर, म्हणजे एमसीएलआर किंवा त्याहून जुन्या बेस रेटवर असेल, तर हा फायदा उशिरा आणि अर्धवट पोचतो. गृहवित्त कंपन्यांना आणि नागरी सहकारी बँकांना बाह्य मानकाचं बंधनच नाही. आपलं कर्ज कशाला जोडलेलं आहे, हे मंजुरीपत्रात लिहिलेलं असतं. थोडं शुल्क भरून नव्या दरावर जाता येत असेल, तर ते शुल्क बहुधा काही महिन्यांत वसूल होतं.

‘व्याज मुद्दलाच्या वर घेता येत नाही’

पारनेर-श्रीगोंद्याकडची वयस्कर मंडळी अजून दामदुपटीचा, म्हणजे व्याज मुद्दलाहून जास्त होऊ न देण्याच्या नियमाचा, दाखला देतात, आणि त्याला कारण आहे. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात सावकारांविरुद्ध उठाव झाला, तो पारनेर, श्रीगोंदा, कर्जत आणि नगर तालुक्यांत पसरला. शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांतून कर्जरोखे काढून जाळले. १८७९ चा दख्खनचा शेतकरी कायदा त्यातूनच आला. रोख्यावरच्या आकड्यावर न थांबता मूळ हिशेब तपासायचा अधिकार न्यायालयांना मिळाला.

दामदुपटीचं तत्त्व सावकारी व्यवहारापुरतं आहे. बँकांच्या कर्जाला सावकारी कायदा लागत नाही. शिवाय दामदुपटीचा जुना नियमही एका वेळी थकलेल्या व्याजाबद्दल होता. वीस वर्षांत भरलेल्या एकूण व्याजाबद्दल नव्हता. आपल्या उदाहरणात व्याज मुद्दलाहून दोन लाखांनी जास्त आहे आणि ते पूर्ण कायदेशीर आहे.

‘बँकच बुडाली, आता कर्ज कोण मागतंय!’

१९१० साली स्थापन झालेल्या नगर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेचा परवाना रिझर्व्ह बँकेने ४ ऑक्टोबर २०२३ रोजी रद्द केला. ठेवीदारांचे हाल गावाने पाहिले. त्या गोंधळात असली वाक्यंही कानावर पडली. परवाना गेला तरी कर्ज जात नाही. अवसायक नेमला जातो आणि कर्जं वसूल करणं हेच त्याचं मुख्य काम असतं, कारण ठेवीदारांचे पैसे त्यातूनच निघायचे असतात. ठेवविम्याचं संरक्षण प्रत्येक ठेवीदाराला पाच लाखांपर्यंत आहे. हप्ता भरायला जागा नाही म्हणून थांबलेल्याच्या नावावर व्याज चढतच राहतं.

कर्जमाफीचंही तसंच. २०१७ ची आणि २०१९ ची, दोन्ही माफ्या शेतीकर्जासाठी होत्या. घराच्या कर्जाचा त्यांच्याशी संबंध नव्हता.

‘सहकारी बँक आपलीच आहे, घर थोडंच घेणार’ हाही भ्रमच. नव्वद दिवस हप्ता थकला की खातं अनुत्पादक होतं. त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची नोटीस देऊन न्यायालयात न जाताही ताबा घेता येतो. सहकारी बँकांनाही हा कायदा लागू आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने ५ मे २०२० रोजी कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या सहकारी बँकेच्या खटल्यात स्पष्ट केलं. पतसंस्थांकडे सहकार कायद्याच्या कलम १०१ खालचा वसुलीचा दाखला आहेच.

‘पतसंस्थेचा दर आठच टक्के सांगितलाय’

आठ टक्के कसले, हे विचारा. दहा लाखांवर सरसकट (‘फ्लॅट’) आठ टक्के, दहा वर्षं, म्हणजे व्याज सरळ आठ लाख आणि हप्ता १५,०००. इथे तुम्ही मुद्दल फेडत जाता, पण व्याज शेवटपर्यंत पूर्ण दहा लाखांवर भरता. घटत्या शिलकीच्या पद्धतीने हाच दर १३.१ टक्के होतो. गावाकडे ‘दोन टक्क्यांनी घेतले’ म्हणतात तेव्हा दर महिन्याचा असतो, वर्षाचा चोवीस.

बरं, माणूस महाग कर्जाकडे का जातो? अनेकदा कागदांमुळे. गुंठेवारीतला प्लॉट, एनए नाही, मंजूर नकाशा नाही. राष्ट्रीयीकृत बँक दारातूनच परत पाठवते. मग तेरा टक्क्यांची सोय शोधावी लागते. दहा लाखांवर पंधरा वर्षांत साडेआठ आणि तेरा टक्क्यांमधला फरक पाच लाखांचा आहे. प्लॉट स्वस्तात मिळाला म्हणणाऱ्याने हे पाच लाख प्लॉटच्या किमतीत धरावेत.

‘कर वाचतो म्हणून कर्ज असावं’

जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. वीस टक्क्यांच्या टप्प्यात त्यातून ४१,६०० रुपये वाचतात. पहिल्या वर्षी व्याज भरता २ लाख १० हजार. ४२ हजारांसाठी २ लाख १० हजार घालवणं याला बचत कशी म्हणायची? त्यात २०२३-२४ पासून नवी करपद्धत आपोआप लागू होते आणि तिच्यात राहत्या घराच्या व्याजाची ही वजावटच नाही.

वरखर्च

३५ लाखांचा फ्लॅट महापालिका हद्दीत घेतला तर मुद्रांक शुल्क सहा टक्के, म्हणजे २ लाख १० हजार, आणि नोंदणी फी ३० हजार. खरेदीखत फक्त बाईच्या नावावर असेल तर मुद्रांकात एक टक्का सूट. नवऱ्याचं नाव जोडलं की सूट गेली. बांधकाम चालू असेल तर जीएसटी. मुद्रांक आणि नोंदणी कर्जात धरत नाहीत, हा पैसा रोख लागतो, आणि तिथेच लोक सोनं गहाण ठेवतात किंवा वैयक्तिक कर्ज घेतात.

‘विमा घेतल्याशिवाय कर्ज मंजूर होत नाही’ असं काउंटरवर सांगतात. घराचा विमा बँक अटीत घालू शकते. पण अमुक कंपनीचा जीवनविमा घ्याच, असा रिझर्व्ह बँकेचा नियम नाही. ७५ हजारांचा एकरकमी विमा कर्जातच मिळवला तर वीस वर्षांत त्याचे १ लाख ५६ हजार होतात. कमावत्या माणसाचा विमा हवाच; स्वतंत्र टर्म पॉलिसी घ्या.

ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जाआधी मुख्य तथ्यपत्रक देणं बँकांना बंधनकारक आहे. त्यात सगळे आकार मिळवून होणारा खरा वार्षिक दर आणि हप्त्यांचं कोष्टक असतं. सही करण्याआधी ते घरी आणा आणि दोन बँकांची पत्रकं शेजारी ठेवून वाचा.

कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रं तीस दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, असा नियम डिसेंबर २०२३ पासून आहे. ‘नो ड्यूज’ दाखला मिळाला म्हणजे काम संपलं असं समजू नका. सातबाऱ्यावर किंवा प्रॉपर्टी कार्डावर बँकेचा बोजा चढवलेला असेल, तर तो कमी करायचा अर्ज तुम्हालाच करावा लागतो. तो करा, आणि बोजा कमी झालेला नवा उतारा हातात घ्या.